दोनदा बांधलेलं घर

माझी लेक सोलनाला राहते. सोलना म्हणजे स्टॉकहोमला चिकटलेलं शहर. एक कुठं संपतं आणि दुसरं कुठं सुरू होतं ते मला तीन महिन्यांत कळलं नाही. रिटायर झाल्यावर दोन उन्हाळे तिच्याकडं काढले. पहिल्या उन्हाळ्यात नुसता चालायचो. दुसऱ्या उन्हाळ्यात कामाला लागलो, म्हणजे आना आस्प या सिनेमाचे सेट करणाऱ्या स्वीडिश बाईंच्या मागं लागलो.

नाव ऐकलं नसेल तर वाईट वाटून घेऊ नका. आमच्या धंद्यातल्या लोकांचं नाव कुणी ऐकत नाही. मी सत्तावीस वर्षं कला विभागात काढली, सुरुवातीला सिनेमात आणि मग मालिकांत. माझी ख्याती एवढीच, की सेटची छोटी मॉडेलं चांगली करायचो. सनबोर्ड, माउंट बोर्ड, फेव्हिकॉल, ब्लेड आणि पाव इंचाला एक फूट. आमच्याकडं सेटचं माप अजून फुटातच चालतं. सुताराला मीटर सांगितलं तर तो आधी तुमच्याकडं बघतो, मग टेपकडं. दिग्दर्शकाला कागदावरचा प्लॅन वाचता येत नाही, आणि ते तो कबूलही करत नाही. मॉडेल पुढं ठेवलं की खाली वाकून एक डोळा मिटून बघतो आणि म्हणतो, "हां, आता कळलं."

इकडं या कामाला 'सेनोग्राफ' म्हणतात. नाटकाचा असो की सिनेमाचा, शब्द एकच. आपल्याकडं नाटकाचा तो नेपथ्यकार आणि सिनेमाचा कला दिग्दर्शक. त्यांच्या जुन्या सिनेमांच्या श्रेयनामावलीत तर 'आर्किटेक्ट' असं लिहिलेलं असायचं. मला हा शब्द फार आवडला. आमच्या मामांना कुणी आर्किटेक्ट म्हटलं असतं तर ते लाजून मेले असते. मामा कोल्हापुरात जयप्रभा स्टुडिओत सुतारकाम करायचे.

लेकीच्या घरापासून चालत पंधरा मिनिटांवर रोसुंदाची जुनी चित्रनगरी आहे. १९२० च्या सुमाराला उभी राहिलेली. आता तिथं फ्लॅट झालेत, आवारात कॅफे आहे, बाया बाबागाड्या घेऊन बसलेल्या असतात. याच आवारात १९५६ च्या उन्हाळ्यात इंगमार बर्गमन या स्वीडिश दिग्दर्शकानं 'द सेव्हन्थ सील' हा सिनेमा केला. समुद्रकिनाऱ्यावर मृत्यूबरोबर बुद्धिबळ खेळतात ते दृश्य दक्षिणेला स्कोनच्या किनाऱ्यावरचं, पण बाकीचं बरंचसं मध्ययुग इथं या कंपाउंडात उभं केलं होतं. उभं करणारे पी. ए. लुंडग्रेन. शूटिंग उरकलं पस्तीस दिवसांत. रात्रीच्या जंगलातल्या एका दृश्यात मागच्या उंच इमारतीच्या खिडक्या चमकून गेल्या आहेत, असं खुद्द बर्गमननंच लिहून ठेवलंय. ते वाचून मला केवढं हलकं वाटलं म्हणून सांगू. आमच्या एका पेशवाईच्या सेटवर एसीचं आउटडोअर युनिट फ्रेममध्ये आलं होतं, तेव्हा मला तीन दिवस कुणी नीट जेवू दिलं नव्हतं.

स्वीडनच्या या धंद्यात एक गोष्ट डोळ्यात भरते. बायका पहिल्यापासून आहेत, आणि त्या मदतनीस म्हणून नाहीत. बर्गमनचेच सिनेमे घ्या. 'पर्सोना'चं नेपथ्य बीबी लिंडस्ट्रॉम यांचं, 'वाइल्ड स्ट्रॉबेरीज'चं गिटान गुस्ताफसन यांचं. 'क्राइज अँड व्हिस्पर्स'मधल्या त्या लालभडक खोल्या मारिक वोस यांच्या. त्या खोल्या म्हणजे खरोखरीचा एक वाडा आहे, मेलारेन तळ्याकाठचा टाक्सिंगे. आता तो केकसाठी प्रसिद्ध आहे. लेक मला तिथं हौसेनं घेऊन गेली. जिथं एक बाई अख्खा सिनेमाभर तडफडून मरते, त्या वाड्यात लोक रांग लावून केक खात होते. मीही दोन खाल्ले.

माझ्या उमेदवारीच्या दिवसांत मुंबईत आमच्या विभागात बाई म्हणजे फार तर प्रॉपर्टीची, म्हणजे सेटवरच्या सामानाची, खरेदी बघणारी. सुतारांना हुकूम सोडणारी बाई मी पहिल्यांदा पाहिली ती धंद्यात बारा वर्षं काढल्यावर. म्हणून आना आस्प हे नाव पहिल्यांदा पडद्यावर वाचलं तेव्हा मी ते पुरुषाचं असेल असंच धरून चाललो होतो. आता सांगायला लाज वाटते.

ते नाव पाहिलं बर्गमनच्या 'फॅनी अँड अलेक्झांडर'च्या शेवटी. दादरला एका फिल्म सोसायटीत व्हिडिओ कॅसेटवर दाखवला होता. एकोणीसशे अठ्ठ्याऐंशी-एकोणनव्वद असेल, मी मुंबईत नवा होतो. टीव्ही लहान, कॅसेट घासलेली, सबटायटलं अर्धी कापलेली. गोष्ट निम्मी कळली. पण घरं तिन्ही कळली.

ती तीन घरं सांगतो, कारण तिथं या बाईंचं सगळं काम दिसतं. गोष्ट सुरू होते १९०७ च्या नाताळात. पहिलं घर आजीचं, एकदाल कुटुंबाचं. लाल पडदे, जाडजूड गालिचे, दिवे, झाडांच्या कुंड्या, पुतळे, भिंतभर चित्रं. दुसरं घर बिशपचं. नवरा मेल्यावर मुलांची आई या बिशपशी लग्न करते आणि मुलांना घेऊन तिथं जाते. उघड्या भिंती, उघडी जमीन, मुलांच्या खोलीच्या खिडकीला गज. तिसरं घर इसाक या ज्यू सावकाराचं. सामानानं आणि बाहुल्यांनी भरलेलं, एका खोलीतून दुसरीत जाताना वाट चुकावी असं.

आता कुणीही म्हणेल, त्यात काय, सुखाचं घर भरलेलं आणि दुःखाचं रिकामं. तेवढं आमच्या मालिकांतही असतं. श्रीमंत सासूच्या घरी झुंबर, गरीब माहेरी फुटका माठ. पण आजीच्या घरातला तो नाताळचा नाच बघा. सगळं घर, मालक-मोलकरणी एकमेकांचे हात धरून साखळी करतात आणि खोल्याखोल्यांतून पळत सुटतात. या दारातून त्या दारात, तिथून पुढच्या दारात. मी ते दृश्य कितीदा पाहिलं असेल. दारं एका ओळीत आहेत. एका खोलीत उभं राहिलं की दारातून दुसरी दिसते, तिच्या दारातून तिसरी. सेटवर असं करायचं म्हणजे प्रत्येक दाराची रुंदी आधी ठरवावी लागते. दोन माणसं हात धरून निघतील एवढं दार हवं, पण कोपराला चौकट घासली पाहिजे, नाही तर गर्दी वाटणार नाही. कॅमेरा कुठून बघणार, कुठली भिंत काढता येण्यासारखी ठेवायची, दिवेवाल्यांना छत कुठं उघडं हवं, पुढच्या खोलीच्या खिडकीतून किती उजेड येणार, हे सगळं नाच बसवायच्या आधी, सुताराच्या पहिल्या खिळ्याच्या आधी ठरतं. ते ठरतं मॉडेलवर.

आणि बाईंनी मॉडेलं केली होती! या सिनेमाच्या सेटच्या मॉडेलांचं चित्रण आहे. पुढं डीव्हीडीवर ते पाहायला मिळालं तेव्हा मी एकटाच घरात टाळ्या वाजवत होतो. बायको आतून म्हणाली, "काय झालं? मॅच जिंकली का?"

बाहेरचं शूटिंग उप्सालात झालं, आतलं बहुतेक स्टॉकहोमच्या फिल्महुसेट या इमारतीतल्या स्टुडिओत. उप्साला म्हणजे बर्गमनचं जन्मगाव, आजीचं घर तिथल्याच त्रेदगोर्डसगातान रस्त्यावर होतं. म्हणजे दिग्दर्शकाला स्वतःच्या आजीचं घर पाहिजे होतं. यापेक्षा अवघड गिऱ्हाईक नाही. ज्यानं ते घर लहानपणी खालून, टेबलाच्या उंचीवरून बघितलंय, त्याच्या डोक्यातलं घर खऱ्या घरापेक्षा मोठंच असतं. खऱ्या मापानं बांधाल तर तो म्हणणार, "हे नाही." मला हे पक्कं ठाऊक आहे. एका दिग्दर्शकानं आपल्या आजोळचा वाडा मागितला होता. मी मुद्दाम गावी जाऊन ओसरीची मापं घेऊन आलो, तशीच्या तशी बांधली. तो सेटवर आला आणि म्हणाला, "ओसरी एवढीशीच?" उंबऱ्यापासून सगळं सवापट केलं तेव्हा त्याच्या डोळ्यात पाणी आलं. निर्मात्याच्याही आलं, बिल बघून.

उप्सालाला मी लेकीबरोबर गेलो. स्टॉकहोमहून आगगाडीनं चाळीसेक मिनिटं. फिरिस नदीकाठची जुनी पाणचक्कीची इमारत सिनेमात बिशपच्या घराची बाहेरची बाजू म्हणून वापरली आहे. आता तिथं जिल्ह्याचं संग्रहालय आहे. बाजूनं पाणी धो धो पडतं. बाहेरून दिसणारं घर नदीवरचं, आतलं घर सत्तर किलोमीटरवर स्टुडिओत, आणि बघणाऱ्याला ते एकच वाटतं. बिशपच्या घरात शिरल्यावर मला नेहमी ओल लागलेली वाटायची. ती ओल कुठून आली ते तिथं पुलावर उभं राहिल्यावर कळलं. लेकीला म्हटलं, "भिंतीत नदी घातलीय बघ बाईनं." ती म्हणाली, "पप्पा, थंडी वाजतेय, चला."

९ एप्रिल १९८४ ला या सिनेमाला चार ऑस्करं मिळाली. परभाषेतला सिनेमा, छायाचित्रण, वेशभूषा आणि कला दिग्दर्शन. कला दिग्दर्शनाचं आना आस्प आणि सुझान लिंगहाइम या दोघींना. समोर कोण होतं माहीत आहे? 'रिटर्न ऑफ द जेडाय'. अवकाशातली अख्खी विमानं आणि ग्रह एका बाजूला, आणि दुसऱ्या बाजूला एका आजीचं दिवाणखाना-जेवणघर. आजी जिंकली.

वेशभूषेचं मिळालं मारिक वोस यांना, त्याच त्या लाल खोल्यांवाल्या. १९६१ ला नामांकन, १९७४ ला नामांकन, आणि मग हे. त्यांच्या आधीच्या वर्षी, १९८३ ला, वेशभूषेचं ऑस्कर 'गांधी'साठी जॉन मोलो यांच्याबरोबर घेतलं होतं आमच्या भानू अथैया यांनी. माहेरच्या राजोपाध्ये, कोल्हापूरच्या. वडील अण्णासाहेब चित्रकार, बाबूराव पेंटरांच्या सिनेमांना हात लावलेले. आणि बाबूरावांचं 'पेंटर' हे नाव पडलं ते पडदे रंगवण्यावरूनच. म्हणजे एका वर्षी कोल्हापूर आणि दुसऱ्या वर्षी स्टॉकहोम. हे मी लेकीच्या स्वीडिश शेजाऱ्यांना दोनदा सांगितलं. दुसऱ्यांदा सांगितलं तेव्हा त्यांनीच पुढचं वाक्य पुरं केलं.

आस्पबाईंचं नाव त्याच्या आधीही आहे. 'ऑटम सोनाटा', १९७८. बर्गमन तेव्हा करचुकवेगिरीच्या आरोपावरून झालेल्या मानहानीनं देश सोडून गेलेला, म्हणून सिनेमा नॉर्वेत, ऑस्लोजवळच्या स्टुडिओत झाला. आई आणि लेक, इन्ग्रिड बर्गमन आणि लिव उलमन, जवळजवळ सगळा सिनेमा एका पाद्र्याच्या घरात. दोन बायका एकमेकींना रात्रभर सोलून काढतात. अशा सिनेमात सेटला काही काम नसतं असं वाटतं. तसं नाही. तिथं भिंत चुकली तर माणसाचा चेहरा चुकतो. घरभर पिवळट-तपकिरी, पानगळीचे रंग. मग आई जेवायला लाल पोशाखात येते आणि ते घर तिला आपलं म्हणत नाही.

आणि 'फॅनी'च्या पाठोपाठ, १९८४ लाच, 'आफ्टर द रिहर्सल'. एवढं भरलेलं घर बांधल्यावर या बाईंच्या वाट्याला आला एक रिकामा रंगमंच. तालीम संपलीय, जुन्या नाटकांचं उरलंसुरलं फर्निचर पडलंय आणि म्हातारा दिग्दर्शक त्यात बसलाय. मला हा सिनेमा बघताना हसू आलं. गोदामाचा वास आला. आमच्याकडं गोरेगावच्या गोदामात एक चार खुर्च्यांचा सोफा होता, तो मी चौदा मालिकांत वापरला. रंग बदल, कापड बदल, पाय बदल. शेवटी शेवटी त्याच्यावर बसलेल्या नव्या हिरॉइनीपेक्षा त्याचा अनुभव जास्त होता.

तो म्हातारा दिग्दर्शक झालेला नट म्हणजे एरलांड योसेफसन. 'फॅनी'मधला इसाक सावकारही तोच. मुलांना बिशपच्या घरातून पेटीत घालून पळवतो ना, तो. आणि दोन वर्षांनी आस्पबाईंनी बांधलेल्या आणखी एका घराला काडी लावतो, तोही योसेफसनच. मला खरं सांगायचंय ते त्या घराबद्दल.

'द सॅक्रिफाइस', १९८६. दिग्दर्शक आंद्रेई तारकोव्स्की, रशिया सोडून आलेला. स्वीडिश येत नाही, सगळं काम दुभाष्यामार्फत. कॅमेरा स्वेन निक्विस्तचा, बर्गमनचाच माणूस. गोष्ट थोडक्यात अशी. जग अणुयुद्धात संपणार अशी बातमी येते. अलेक्झांडर नावाचा माणूस देवाला नवस बोलतो, हे टळू दे, मी माझं घरदार सगळं सोडीन. सकाळी उठतो तर सगळं पूर्वीसारखं. मग नवस फेडायला तो स्वतःचं घर जाळतो. नवस बोलणं आणि फेडणं आपल्या लोकांना समजावून सांगायला नको. मला तो सिनेमा पहिल्या फटक्यात कळला, आमच्या फिल्म सोसायटीतल्या इंग्रजी बोलणाऱ्यांना चर्चा करावी लागली.

घर गॉटलंड बेटावर बांधलं, नॅर्सहोल्मेन नावाच्या टोकावर. आजूबाजूला काही नाही. सपाट गवत, पाणी आणि आभाळ. १९८५ चा उन्हाळा. शेवटी जळायचं, ते एकाच शॉटमध्ये, न तोडता, सहा-सात मिनिटांचा शॉट. घर पेटतं, माणूस धावतो, घरचे त्याच्यामागं धावतात, ॲम्ब्युलन्स येते, त्याला घेऊन जाते आणि घर कोसळतं. पहिल्यांदा आग लावली आणि कॅमेऱ्यानं दगा दिला. घर जळून गेलं आणि शॉट मिळाला नाही. या शूटिंगवर एक माहितीपट आहे, त्यात तारकोव्स्कीचा चेहरा दिसतो. ते घर बांधणाऱ्या लोकांचे चेहरे मात्र मला पाहिजे तेवढे दिसले नाहीत.

माझ्या आयुष्यातही एक आग आहे. तिच्यापुढं माझी आग म्हणजे चुलीतली, पण सांगतो. एका मालिकेत वाड्याचा सेट होता. देवघराला आग लागते असा सीन. आम्ही देवघराचा कोपरा वेगळा, जळण्याजोगा बांधला. मागं पत्रा, बाजूला वाळूच्या बादल्या, टँकर उभा. सुकं लाकूड, वर पातळ प्लाय. फायरवाल्यानं खूण केली, आग लागली, नटीनं टाहो फोडला, सगळं फर्मास. दिग्दर्शक "कट" म्हणाला आणि कॅमेऱ्याच्या बाजूनं कुणीच काही बोलेना. कार्ड फुल होतं. आधीच्या सीनचं रिकामं केलंच नव्हतं. पहिली दहा सेकंदं आली होती, पुढं नाही.

दुसऱ्या दिवशी एपिसोड जाणार होता. निर्मात्यानं सगळ्यांकडं बघितलं आणि शेवटी माझ्याकडं. चूक कुणाची का असेना, रात्र माझीच जाणार होती. चार सुतार, दोन पेंटर आणि मी, सकाळी सहापर्यंत. पहिल्या देवघराला जुनेपणा आणायला आम्ही चार दिवस घेतले होते. चहाचं पाणी, काजळी, तेलाचे हात, उदबत्तीच्या राखेचे डाग. दुसऱ्याला चार तास मिळाले. आणि घाईत मी प्लॅन उलटा धरला. देवघरामागच्या खिडकीतून दिसणारं तुळशीवृंदावन डावीकडं असायचं, ते उजवीकडं गेलं. मॉडेल समोर असतं तर असं झालं नसतं, पण मॉडेल पहिल्याच महिन्यात निर्मात्याच्या मुलीनं बाहुल्यांचं घर म्हणून नेलं होतं. एपिसोड गेला. कुणालाही कळलं नाही. फक्त साताऱ्याच्या एका आजीनं चॅनलला फोन करून विचारलं, "तुमची तुळस रात्रीत चालत गेली का हो?"

म्हणून मला नॅर्सहोल्मेनला जायचं होतं. तिथं ते घर थोड्याच दिवसांत पुन्हा उभं केलं आणि पुन्हा जाळलं. या वेळी एका कॅमेऱ्यावर भरवसा न ठेवता दोन कॅमेरे, समांतर रुळांवर. पडद्यावर जे जळतं ते दुसरं घर. आणि त्याच्याआधीचे दोन तास आपण जे बघतो, ज्याच्या बाहेर माणसं ये-जा करतात, ते पहिलं. सिनेमा पाहताना आपल्याला एकदाही वाटत नाही की घर बदललं.

तुम्ही म्हणाल, नकाशे होते, तेच परत बांधायचं, त्यात काय अवघड? नकाशात असतं ते सगळं बांधता येतं हो. नकाशात नसतं ते आठवावं लागतं. कुठल्या फळीचा रंग वाऱ्यानं उडाला होता, कुठली खिडकी नीट मिटत नव्हती, पायरीची कड कुठं झिजली होती. आणि आता ते बांधताना प्रत्येक सुताराला माहीत असतं की हे जळणार. पहिल्यांदाही माहीत होतंच, पण पहिल्यांदा निदान काही आठवडे ते उभं राहणार होतं.

त्या सिनेमात एक गोष्ट आहे, ती बघितल्यापासून मी या बाईंच्या मागं लागलो असं म्हटलं तरी चालेल. अलेक्झांडरचा वाढदिवस असतो. त्याचा छोटा मुलगा पोस्टमनच्या मदतीनं त्याच्यासाठी भेट तयार करतो. ती भेट म्हणजे त्या घराचंच छोटं मॉडेल. बाहेर चिखलात ठेवलेलं. मागं लांबवर खरं घर. अलेक्झांडर त्या मॉडेलसमोर येऊन थांबतो. पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मी खुर्चीत पुढं सरकलो. मॉडेल नेहमी आमच्या टेबलावर राहतं, फार तर निर्मात्याच्या शोकेसमध्ये जातं. ते कॅमेऱ्यासमोर, गोष्टीत, नटाच्या पायाशी आलेलं मी त्याच्याआधी कधी पाहिलं नव्हतं. म्हणजे हे घर तीनदा बांधलं म्हणा. दोन जळली, एक चिखलात राहिलं.

आम्ही नीनेसहाम्नहून बोटीनं गॉटलंडवरच्या विस्बीला गेलो. सव्वातीन तास. जावईबापूंनी गाडी भाड्यानं घेतली होती. विस्बीहून बेट ओलांडून पूर्वेच्या किनाऱ्याला. शेवटचा रस्ता खडीचा, एक फाटक, फाटक लावून घ्या अशी पाटी, कारण गुरं मोकळी असतात. एक दीपगृह आहे. जुनिपरची खुरटी झुडपं आणि वारा. घराचं काही नाही. मला माहीतच होतं काही असणार नाही. सेट उतरल्यावर जागा साफ करून द्यावी लागते, तसा करारच असतो. पण तिथं उभं राहिल्यावर मी पायानं गवत दाबून बघितलं. सवयच ती. पायाचा दगड, खिळा, कोळसा, काहीतरी.

जावईबापू म्हणाले, "नक्की कुठं होतं?" मी सिनेमातल्या क्षितिजावरून, दीपगृहावरून अंदाज बांधायला लागलो. इकडून ॲम्ब्युलन्स आली, तिकडं रूळ टाकले असणार. मग मी पावलं मोजत चाललो. एका तांबड्या गाईनं मान वर करून बघितलं आणि परत चरायला लागली. लेक लांबून व्हिडिओ काढत होती. तो व्हिडिओ आमच्या कुटुंबाच्या ग्रुपवर आहे. खाली कोल्हापूरच्या धाकट्या भावाचा प्रश्न आहे, "दादा तिकडं जमीन घेतोय का?"

त्यानंतरची बाईंची कामं मी भराभर बघून टाकली. बिल आउगुस्ट नावाच्या डॅनिश दिग्दर्शकाबरोबर त्यांची जोडी चांगली जमली. 'पेले द काँकरर', १९८७. पोटासाठी स्वीडनहून डेन्मार्कच्या बेटावर गेलेले बापलेक, शेण, चिखल आणि मालकाचा वाडा. कान चित्रपट महोत्सवात सर्वोच्च पुरस्कार मिळाला. मग 'द बेस्ट इन्टेन्शन्स', बर्गमनच्या आईबापांची गोष्ट, त्यालाही कानला तोच. १९९३ चा 'हाउस ऑफ द स्पिरिट्स', चिलीतली हवेली पोर्तुगालमध्ये. मग 'जेरुसलेम', मग १९९८ चा 'ले मिझराब्ल'. सिनेमे मोठे होत गेले, पैसा मोठा होत गेला. मला त्यांतला 'पेले' आवडतो. तिथल्या गोठ्यातल्या भिंतीला हात लावला तर हाताला लागेल असं वाटतं. हॉलिवूडच्या नटांनी भरलेल्या हवेलीत मला तसं वाटलं नाही, पण तो बहुतेक माझाच दोष. मला झुंबरं आवडत नाहीत. फार पुसली आहेत.

भानूताईंनी आपलं ऑस्कर २०१२ ला अकादमीकडंच परत ठेवायला दिलं, आपल्यामागं कोण सांभाळणार म्हणून. पेपरात वाचलं तेव्हा मला ते निर्मात्याच्या मुलीनं नेलेलं मॉडेल आठवलं होतं. आमच्या सत्तावीस वर्षांतलं माझ्या घरी काय आहे म्हणाल, तर एक पितळी कडी आहे, एका वाड्याच्या दाराची, आणि ती आता आमच्या बाथरूमला आहे.

गॉटलंडहून परत येताना बोटीवर मी कागदी रुमालावर त्या घराचा प्लॅन काढायला घेतला. मापं कुठून आणणार? सिनेमातून. वरच्या गॅलरीला शिडी लावलेली असते, अलेक्झांडर तिच्यावरून खाली उतरतो. शिडीच्या दोन पायऱ्यांत एक फूट धरला तर वरच्या मजल्याची उंची निघते. योसेफसनच्या ढांगा मोजल्या तर लांबी निघते. लेक म्हणाली, "पप्पा, मीटरमध्ये काढा, इकडं बोर्ड मीटरमध्ये मिळतो." मी म्हटलं, घर बांधणारे मीटरवाले असतील, मॉडेल करणारा फुटातला आहे.

कोल्हापूरला आल्यावर राजारामपुरीतून सनबोर्ड आणला. तीन भिंती उभ्या राहिल्यात. समुद्राकडची बाजू जमत नाहीय. ढांगांच्या हिशेबानं ती एकोणीस फूट येते आणि खिडक्यांच्या हिशेबानं साडेसतरा. म्हणजे एकतर योसेफसन त्या शॉटमध्ये लहान पावलं टाकतोय, नाहीतर ती खिडकी दुसऱ्या घराची आहे. आज रात्री जेवण झालं की तो शॉट परत लावून बघतो.